'एव्हीकोडेक-५६ डीएलएल सापडत नाही': जुन्या नाटकांच्या फाइली उघडायच्या कशा?

रामबागकर | रविवार, रात्री १०:१२

नमस्कार मंडळी. पाककृती आणि ललित सोडून या विभागात मी सहसा फिरकत नाही, पण अडलंय.

आमच्या इंदूरच्या मंडळात गणपतीत दरवर्षी एक संगीत नाटक आणि एक एकांकिका व्हायची. नव्वदच्या दशकातल्या प्रयोगांचं व्हीएचएसवर शूटिंग झालं होतं. पुढे कुणा उत्साही माणसाने ते सीडीवर उतरवून घेतलं. ती सगळी पिशवी आता माझ्या ताब्यात आहे. यंदा जुन्या कलावंतांचा सत्कार आहे आणि मधे मधे त्यांच्याच प्रवेशांचे तुकडे पडद्यावर दाखवायचे असं कमिटीत ठरलं. ठरवणारे मोकळे झाले, काम माझ्या गळ्यात.

काही सीडींत .एव्हीआय फाइली आहेत. काहींत 'एमपेगएव्ही' नावाचा फोल्डर आणि त्यात .डॅट फाइल. शिवाय थोड्या मिनीडीव्ही कॅसेट आहेत, त्यांना अजून हातच लावलेला नाही. माझा लॅपटॉप नवा, विंडोज ११ चा. एव्हीआयवर क्लिक केलं तर आवाज येतो, चित्र काळं. म्हणून भावाच्या जुन्या कॉम्प्युटरवरच्या कन्व्हर्टरची .ईएक्सई पेनड्राइव्हवर घालून आणली. ती उघडली की 'एव्हीकोडेक-५६.डीएलएल सापडत नाही' एवढंच म्हणते.

शोधल्यावर एका साइटवर नेमकी तीच फाइल फुकट दिसतेय. 'उतरवा आणि सिस्टम३२ मध्ये टाका' असं लिहिलंय. टाकू का? की यात काही काळंबेरं आहे? जाणकारांनी प्रकाश टाकावा.

परदेशीपुरा_भिया | रविवार, रात्री १०:३१

ताई, एवढं काय टेन्शन घेऊन राहिल्या. कुठलाही एक मोठा कोडेक पॅक टाकून द्या, सगळं चालतं. नाहीच जमलं तर सिल्व्हर मॉलला कुणालाही विचारा, दहा मिनिटांचं काम आहे.

शून्य_एक | रविवार, रात्री ११:०५

थांबा. ती डीएलएल (प्रोग्रामला लागणाऱ्या तयार कोडची फाइल, म्हणजे लायब्ररी) टाकू नका आणि कोडेक पॅकही (चित्र-आवाज दाबणाऱ्या नि उलगडणाऱ्या कोडेकांचा गठ्ठा) नको.

एव्हीकोडेक ही सुटी मिळणारी वस्तू नाही. फाब्रिस बेलार या फ्रेंच प्रोग्रामरने २००० साली एफएफएमपेग नावाचा प्रकल्प सुरू केला, त्याच्या लायब्ररींपैकी ही एक. एन्कोडिंग-डिकोडिंग एव्हीकोडेक करतं. फाइलची बांधणी उलगडायचं काम एव्हीफॉरमॅटचं. या दोघांना लागणारा समाईक कोड एव्हीयूटिलमध्ये असतो. चित्राचा आकार आणि रंगांची मांडणी बदलायला एसडब्ल्यूस्केल, आवाजाचा सॅम्पलिंग दर बदलायला एसडब्ल्यूरिसॅम्पल. तुम्ही रोज वापरता त्यातल्या कित्येक प्लेअर, ब्राउझर आणि एडिटरच्या पोटात हेच संच आहेत, फक्त पाटी वेगळी.

नावापुढचा आकडा महत्त्वाचा आहे. जुन्या प्रोग्रामशी जुळणार नाही असा बदल लायब्ररीत झाला की तो एकाने वाढतो. ५६ म्हणजे एफएफएमपेग २.४ ते २.८, साधारण २०१४-१५ चा काळ. ५७ म्हणजे ३ ची मालिका, ५८ म्हणजे ४ ची, ५९ म्हणजे ५ ची, ६० म्हणजे ६ ची आणि ६१ म्हणजे ७ ची. नवी ६१ आणून तिचं नाव ५६ ठेवायचा उपाय व्हिडिओंमधून बिनदिक्कत सांगितला जातो. तसं केल्यावर प्रोग्राम उघडता उघडताच कोसळतो, कारण त्याला हवी असलेली मांडणी आत नसते.

समजा, खरोखरची ५६ मिळाली. ती लगेच एव्हीयूटिल-५४ मागेल, मग एसडब्ल्यूरिसॅम्पल-१. शिवाय ३२ बिट की ६४ बिट हा घोळ वेगळाच. विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या सिसवाऊ६४ मध्ये! हे नाव कुणी ठेवलं देव जाणे. चुकीची जोडी पडली की शेवटी '७बी' असलेला लांबलचक एरर नंबर येतो आणि त्यावरून कुणालाच काही बोध होत नाही.

आता काळंबेरं. डिकोडर ही बाहेरून आलेला मजकूर आधी वाचणारी गोष्ट आहे. त्यामुळे त्यात भोक असलं तर नुसती फाइल उघडल्यानेही घात होऊ शकतो. २०१५ मध्ये अँड्रॉइडच्या स्टेजफ्राइट लायब्ररीत अशीच भोकं सापडली होती, एक एमएमएस आला तरी पुरे. सप्टेंबर २०२३ मध्ये चित्रांची लिबवेबपी आणि व्हिडिओची लिबव्हीपीएक्स, दोन्हींत लागोपाठ निघाली आणि सगळ्या मोठ्या ब्राउझरांना घाईघाईने अपडेट काढावे लागले. मूळ प्रकल्पाची ही गत, पण तिथे निदान भोक बुजवणारे लोक आहेत. डीएलएल विकणाऱ्या-वाटणाऱ्या साइटवरची फाइल कुणी बांधली, कधी बांधली, आत आणखी काय घातलं, याला धनी नाही.

कन्व्हर्टरच हवा असेल तर भावाच्या कॉम्प्युटरवरून नुसती .ईएक्सई नको, अख्खा फोल्डर आणा. त्या डीएलएल तिथेच शेजारी पडलेल्या असतील. माझा सल्ला मात्र तो सोडून देण्याचा आहे. व्हीएलसी हा प्लेअर त्याच्या अधिकृत जागेवरून घ्या. तो आपल्या लायब्ररी बरोबर घेऊनच येतो, विंडोजमध्ये काय आहे नि काय नाही याच्याशी त्याला देणंघेणं नसतं.

जाता जाता, ऑफिसच्या गप्पांचं एखादं अ‍ॅप 'एफएफएमपेग.डीएलएल सापडत नाही' म्हणालं तरी हेच लागू. अ‍ॅप काढून पुन्हा टाका, फाइल शोधत फिरू नका.

परदेशीपुरा_भिया | रविवार, रात्री ११:२०

भिया, कोडेक पॅकने माझं तर कधी काही बिघडलं नाही. शादीच्या कॅसेटा त्यावरच चालवल्या.

शून्य_एक | रविवार, रात्री ११:४४

बिघडतंच असं नाही. २००५ ला पर्याय नव्हता म्हणून मीही टाकायचो. विंडोजमध्ये कोडेक सगळ्या प्रोग्रामांसाठी मिळून नोंदवले जायचे. पॅकने एकाच प्रकारासाठी चार डिकोडर नोंदवले की कोण पुढे येणार ते नशिबावर. काढून टाकताना नोंदी मागे राहायच्या आणि भलताच प्रोग्राम रुसायचा. आता प्रत्येक प्रोग्राम आपापला संच बाळगतो, मग ही खिचडी शिजवायची कशाला?

रामबागकर | सोमवार, सकाळी ८:५०

धन्यवाद शून्य_एक. व्हीएलसी टाकला आणि बऱ्याच फाइली उघडल्या! सकाळी सकाळी माझ्या सासूबाई पदर खोचून स्टेजवर. घरात आरडाओरडा झाला.

पण मग मला एक कळलं नाही. दोन्ही फाइली .एव्हीआय. एक साध्या प्लेअरमध्ये चालते, दुसरी काळी पडते. हे कसं?

लष्करचा_पेटीवाला | सोमवार, सकाळी ९:३५

ग्वाल्हेरहून लिहितोय, कॉम्प्युटर माझा प्रांत नाही, पण हे मला ज्या रीतीने उमगलं ते सांगतो.

आमच्याकडे माधव संगीत महाविद्यालय आहे, १९१८ सालचं, भातखंड्यांच्या पुढाकाराने सुरू झालेलं. तिथे भातखंडे पद्धतीचं स्वरलेखन. स्वराखाली बिंदू असेल तर मंद्र सप्तक, वर असेल तर तार. पलुस्कर पद्धतीत मंद्राचा बिंदू स्वराच्या वर देतात. आता वही एकच, शाई एकच, कागदावर बिंदूही तेच. पण एका पद्धतीत लिहिलेली बंदीश दुसरीच्या सवयीने वाचली तर गायक मंद्रातलं तारात गाईल. एव्हीआय ही नुसती वही. आत कुठल्या पद्धतीने लिहिलंय ते कोडेक, आणि ती पद्धत शिकलेला वाचक म्हणजे तुमची ती लायब्ररी. बरोबर ना हो शून्य_एक?

शून्य_एक | सोमवार, सकाळी १०:१०

पेटीवाले, मी क्लासमध्ये हेच शिकवताना अर्धा तास घेतो. एकच भर घालतो. वहीच्या पहिल्या पानावर पद्धतीचं नाव लिहिलेलं असतं, चार अक्षरांत, त्याला फोरसीसी म्हणतात. एव्हीआय मायक्रोसॉफ्टने १९९२ मध्ये आणलं तेव्हापासूनची ही सोय आहे.

रामबागकर, मीडियाइन्फो नावाचं छोटं फुकट साधन आहे. त्यात दोन्ही फाइली टाका आणि काय दिसतं ते इथे लिहा. अंदाजावर औषध नको.

रामबागकर | सोमवार, रात्री ९:१५

हे घ्या. चालणारी फाइल: एक्सव्हीआयडी, ७२० × ५७६, इंटरलेस्ड असं काहीतरी, आवाज एमपी३. काळी पडणारी: डीआयव्ही३, ३५२ × २८८, आवाज एमपी३. डॅट फाइल: एमपेग-१, ३५२ × २८८, आवाज 'लेअर २', २२४ केबीपीएस.

शून्य_एक | सोमवार, रात्री ९:५०

डीआयव्ही३! बऱ्याच वर्षांनी गाठ पडली. हा मूळचा मायक्रोसॉफ्टचा एमपेग-४ चा स्वतःचा अवतार. जेरोम रोता या फ्रेंच तरुणाने तो फोडून, एव्हीआयमध्ये वापरता येईल असा करून नव्वदच्या दशकाच्या अखेरीस मोकळा सोडला, डिव्हएक्स या नावाने. कंपनी नंतर झाली. सीडीवर अख्खा सिनेमा बसायला लागला तो याच्यामुळे. पुढे कंपनीच्या मुक्त प्रकल्पातून काही लोक वेगळे झाले आणि २००१ मध्ये एक्सव्हीआयडी निघाला. नाव उलटं वाचून बघा.

एफएफएमपेगवाल्यांनी डीआयव्ही३ चा डिकोडर स्वतः लिहिला. असे कंपन्यांनी टाकून दिलेले शेकडो प्रकार त्या लायब्ररीत सांभाळलेले आहेत, सिनेपॅक, इंडिओ, रिअलव्हिडिओ, जुन्या नोकियाचा एएमआर आवाजसुद्धा. माझ्या मते तिचं खरं मोल यात आहे. नवं चालवणारे पुष्कळ असतात.

बडोदेकर_काका | सोमवार, रात्री १०:४०

मी बडोद्यात रावपुऱ्यात पुष्कळ वर्षं लग्नांचं शूटिंग आणि कॅसेटचं रूपांतर करत होतो, म्हणून हाताला माहीत असलेलं सांगतो. चित्र दिसलं म्हणजे काम झालं असं समजू नका.

पहिली गोष्ट व्हीसीडीची, म्हणजे तुमच्या डॅट फाइलवाल्या व्हिडिओ सीडीची. ती डॅट फाइल विंडोजमध्ये ओढून हार्ड डिस्कवर टाकायला गेलात की ऐंशी टक्क्यांवर अडकून एरर देण्याची शक्यता आहे. कारण साध्या डेटा सीडीत प्रत्येक सेक्टरमध्ये २०४८ बाइट माहिती असते आणि उरलेल्या जागेत चुका दुरुस्त करायचा मजकूर. व्हीसीडीत चित्र जास्त मावावं म्हणून ती दुरुस्तीची जागाही माहितीला दिली, सेक्टरमागे २३२४ बाइट. त्यामुळे ओरखडा आला की सावरायला काही नाही. पण व्हिडिओत एखादा ठिपका गेला तर फार बिघडत नाही, चौकटीत चौकोन उठतील नि पुढे चालू. कॉपी करणारा प्रोग्राम मात्र तिथेच हट्ट धरून बसतो. म्हणून खराब सेक्टर ओलांडून पुढे जाणारं रिकव्हरी साधन वापरा, किंवा सरळ व्हीएलसीमध्ये डिस्क उघडून तिथूनच फाइलीत उतरवून घ्या. सीडी आधी मऊ कापडाने पुसा, मधून कडेकडे. गोल गोल नाही.

दुसरी गोष्ट इंटरलेसिंग. आपल्याकडचा व्हीएचएस म्हणजे पाल पद्धत. सेकंदाला २५ चौकटी, पण प्रत्येक चौकट दोन अर्ध्यांत, विषम ओळी आधी की सम आधी हे यंत्रावर. म्हणजे खरं तर सेकंदाला ५० क्षण टिपलेले आहेत. जुना टीव्ही ते तसेच दाखवायचा. लॅपटॉप दोन्ही अर्धी एकत्र दाखवतो, मग पात्र हात हलवतं तेव्हा हाताला कंगव्याचे दात फुटतात. तुमच्या ७२० × ५७६ च्या फाइलीत ते नक्की दिसतील. तानपुऱ्यावर बोटं फिरतानाचं दृश्य बघा.

उपाय हँडब्रेक या व्हिडिओ रूपांतराच्या प्रोग्राममध्ये आहे. फिल्टरच्या पानावर डीइंटरलेस, त्यात यादिफ किंवा ब्वडिफ, आणि 'बॉब' निवडा. बॉब निवडलं की ५० च्या ५० क्षण वेगळ्या चौकटी होतात, हालचाल जुन्या टीव्हीसारखी गुळगुळीत राहते. बरेच दुकानदार एक अर्धं सरळ फेकून देतात. आणि हे रूपांतराच्या आधी करायचं, आकार बदलण्याच्या आधी. आकार बदलून मग डीइंटरलेस केलं तर ओळी एकमेकांत मिसळलेल्या असतात, पुन्हा सुट्या होत नाहीत.

३५२ × २८८ च्या फाइलीत हा प्रश्न नाही, तिथे अर्धं आधीच टाकून दिलंय. गेलं ते गेलं. कोपऱ्यात 'एआय अपस्केल' म्हणून कुणी पैसे मागितले तर देऊ नका. सासूबाईंच्या नाकाच्या जागी दुसरंच नाक येतं.

तिसरं, चेहरे किंचित लांबट वाटतात का? त्या काळच्या एव्हीआयमध्ये चित्राचं प्रमाण लिहून ठेवायची सोय नसायची. पालचे ठिपके चौरस नाहीत. ७२० × ५७६ ला ७६८ × ५७६ करा, ३५२ × २८८ ला ३८४ × २८८. मग ४:३ बरोबर बसतं.

रामबागकर | सोमवार, रात्री ११:०२

काका, मी बारीक दिसत होते ते यामुळे होय! तसंच राहू द्यावं म्हणते.

जुना_राजवाडा | मंगळवार, सकाळी ७:१०

सगळं वाचलं. माझा एक जुनाच प्रश्न आहे. हे सगळं फुकट कसं? कुणी तरी कुठे तरी वसूल करत असणारच. आमच्या काळात एमपी३ बनवायला ऑडॅसिटी या आवाज संपादनाच्या प्रोग्राममध्ये वेगळी 'लेम' फाइल आणून टाकावी लागायची. प्रोग्राम फुकट, मग ती एक फाइल का लपवून ठेवलेली? आज कळेल तर बरं.

उबंटूबुवा | मंगळवार, सकाळी ९:००

राजवाडा साहेब, लपवलेली नव्हती, पेटंटची भानगड होती. एमपी३ वर फ्राउनहोफर संस्था आणि तिच्या साथीदारांची पेटंटं होती. कोड लिहायला बंदी नाही, पण चालती फाइल वाटायची तर परवाना. लेमवाल्यांनी म्हणून १९९८ पासून फक्त सोर्स कोड दिला. सुरुवातीला तर तो आयएसओच्या नमुना कोडवर चढवायचे नुसते पॅच होते, स्वतःचा पूर्ण एन्कोडर नंतर झाला. बांधलेली डीएलएल तिसरं कुणीतरी आपल्या जबाबदारीवर ठेवायचं आणि ऑडॅसिटी म्हणायची, तिकडून आणा, आम्ही हात लावत नाही. २३ एप्रिल २०१७ ला फ्राउनहोफरने परवान्यांचा कार्यक्रम बंद केला, पेटंटं संपली होती. त्यानंतर २०१९ मध्ये ऑडॅसिटीने लेम आतच घेतलं. वर्तमानपत्रांनी तेव्हा 'एमपी३ मेला' असे मथळे दिले. खरं तर तो तेव्हा मोकळा झाला.

पैसे कुठून, तर थोडे देणग्यांतून, थोडे ज्या कंपन्या हे वापरतात त्यांच्या नोकरदार प्रोग्रामरांकडून, आणि बाकी रात्री जागणाऱ्या हौशी लोकांकडून. व्हीएलसीचं मूळ तर पॅरिसच्या एका अभियांत्रिकी महाविद्यालयातल्या विद्यार्थ्यांच्या १९९६ च्या प्रकल्पात आहे.

आणि लिनक्स घ्या हो सगळे. एक आज्ञा दिली की पूर्ण संच येतो, आकड्यांची जुळणी पॅकेज व्यवस्था करते.

शून्य_एक | मंगळवार, सकाळी ९:२५

बुवा, उबंटू २२.०४ वरचा प्रोग्राम २४.०४ वर नेऊन बघा. पहिल्यात लिबएव्हीकोडेक ५८, दुसऱ्यात ६०. 'शेअर्ड ऑब्जेक्ट सापडत नाही' म्हणून तोच संदेश तिथेही येतो, फक्त काळ्या खिडकीत. रोग तोच आहे.

उबंटूबुवा | मंगळवार, सकाळी ९:३१

बाहेरून बांधलेला प्रोग्राम आणला तर येणारच. भांडारातला घेतला तर नाही. यावर वेगळा धागा काढा, रक्त आटवू.

जुना_राजवाडा | मंगळवार, दुपारी १२:४०

बुवा, उत्तर पटलं. म्हणजे एमपी३ सुटला. मग आता नवीन फोनचे व्हिडिओ माझ्या लॅपटॉपवर उघडताना दुकानातून 'एक्स्टेन्शन' विकत घ्या म्हणतात, ते काय?

उबंटूबुवा | मंगळवार, दुपारी १:१५

तोच खेळ पुढच्या पिढीत. एच.२६५ म्हणजे एचईव्हीसी हा व्हिडिओ कोडेक २०१३ मध्ये आला. त्याच्या पेटंटवाल्यांचे एक नव्हे तर तीन वेगवेगळे गट झाले, कुणाला किती द्यायचे याचा मेळ लागेना. म्हणून विंडोजमध्ये पुष्कळदा तो आधार वेगळा विकत घ्यावा लागतो. या त्रासाला कंटाळून मोठ्या कंपन्यांनी २०१५ मध्ये एकत्र येऊन संघ केला आणि २०१८ मध्ये रॉयल्टी न लागणारं एव्ही१ काढलं. त्याच्या आधीच्या पिढीच्या एच.२६४ साठी सिस्को कंपनीने २०१३ मध्ये निराळी वाट काढली. आपली ओपनएच२६४ लायब्ररी स्वतः बांधून द्यायची आणि परवान्याचे पैसे स्वतः भरायचे. फायरफॉक्स ती फाइल सिस्कोकडूनच उतरवून घेतो, स्वतः वाटत नाही. लेमच्या वेळचाच तिढा आहे, या वेळी पैसे भरणारा मिळाला एवढंच.

तुम्ही व्हीएलसीत उघडा, पैसे देऊ नका.

परदेशीपुरा_भिया | मंगळवार, दुपारी २:०५

तर मग ताईंनी सगळं एच.२६५ मध्येच करून टाकावं ना? फाइल अर्धी होते. पेनड्राइव्हमध्ये सगळं बसतं.

बडोदेकर_काका | मंगळवार, दुपारी ४:३०

नको. तीन कारणं आहेत, पण पहिलंच पुरे. ज्या सभागृहात दाखवायचं तिथला टीव्ही किंवा प्रोजेक्टरला जोडलेला जुना लॅपटॉप कुठल्या साली घेतलाय कुणाला ठाऊक. एच.२६४ आणि एएसी आवाज, एमपी४ मध्ये, हे जवळपास सगळीकडे चालतं. कार्यक्रमाच्या प्रती त्याच करा. हँडब्रेकमध्ये कॉन्स्टंट क्वालिटी १८ ते २० ठेवा. आकडा लहान तितका दर्जा चांगला, फाइल मोठी. व्हीएचएसचा गोंगाट म्हणजे प्रत्येक चौकटीत नवे ठिपके, एन्कोडर तेच जपत बसतो, म्हणून आकार अपेक्षेपेक्षा मोठा येईल. येऊ द्या.

आणि मूळ एव्हीआय, मूळ डॅट जशाच्या तशा दोन वेगळ्या हार्ड डिस्कांवर ठेवा. हे सगळे कोडेक काहीतरी टाकून देऊनच लहान होतात. एकदा टाकलेल्या मालातून पुन्हा टाकलं, त्यातून पुन्हा, की चेहरे मेणाचे होतात. व्हॉट्सअ‍ॅपवर फिरून आलेला व्हिडिओ पाहा. म्हणून नवी प्रत कधीही मुळावरूनच काढायची, प्रतीवरून नाही. कमिटीत कुणी 'एमपी४ झालं ना, मग सीड्या टाकून द्या' म्हणालं तर त्यांना माझा नंबर... नको, या धाग्याचा दुवा द्या.

अजून व्हीएचएस कॅसेट कुठे शिल्लक असतील तर त्या शोधाच. सीडीपेक्षा त्यांच्यात जास्त आहे. बुरशी दिसली तर मात्र प्लेअरमध्ये घालू नका, हेडलाही लागते.

शून्य_एक | मंगळवार, संध्याकाळी ६:१२

काकांना दुजोरा. कॅसेट मिळालीच आणि नव्याने उतरवायची असेल तर एफएफव्ही१ कडे बघा. मायकेल नीडरमायर यांनी एफएफएमपेगमध्येच २००३ साली लिहिलेला, काहीही न टाकणारा कोडेक. मात्रोस्का म्हणजे .एमकेव्ही फाइलीत ठेवतात, जगातली बरीच अभिलेखागारं वापरतात. २०२१ मध्ये त्याचं आरएफसी ९०४३ हे अधिकृत वर्णनही निघालं, म्हणजे उद्या लायब्ररी नाहीशी झाली तरी कागद वाचून डिकोडर पुन्हा लिहिता येईल. डीआयव्ही३ च्या वेळी असा कागद नव्हता.

त्याची किंमत जागेत मोजायची. ७२० × ५७६, ८ बिट, काहीही न दाबता ठेवलं तर तासाला सुमारे ७५ जीबी होतात. एफएफव्ही१ मध्ये साधारण निम्म्यापर्यंत येतात.

रामबागकर | बुधवार, रात्री १०:२०

आजचा अहवाल. दोन सीड्या सोडून सगळं हार्ड डिस्कवर आलं. कंगव्याचे दात गेले, चेहरे सरळ झाले. सभागृहाच्या लॅपटॉपवर नेऊन चालवूनही पाहिलं.

दोन अडचणी. एका एव्हीआयमध्ये पुढे ओढता येत नाही, पहिल्यापासूनच बघावं लागतं. आणि एका नाट्यपदात ओठ आधी हलतात, सूर मागून येतो. सुरुवातीला ठीक, शेवटी चांगलाच फरक. गाणारे आजोबा आता ८७ वर्षांचे आहेत, त्यांच्यासमोर हे लावायचं नाही मला.

शून्य_एक | बुधवार, रात्री १०:५५

पहिलं सोपं. एव्हीआयमध्ये कुठली चौकट कुठे आहे याची अनुक्रमणिका फाइलीच्या अगदी शेवटी असते. शेवट नीट कॉपी झाला नसेल तर पुढे उडी मारता येत नाही. ती फाइल लॉसलेसकटसारख्या साधनातून .एमकेव्हीमध्ये हलवा. यात चित्र पुन्हा एन्कोड होत नाही, फक्त बांधणी नवी होते. मिनिटभराचं काम, दर्जा तोच.

बडोदेकर_काका | बुधवार, रात्री ११:१५

दुसरं माझं. फरक सारखा वाढत जातोय की मधेच एका जागी उडी मारतो, हे आधी बघा. पदाच्या सुरुवातीला टाळी किंवा तबल्याची थाप पकडा, मध्यावर एक, शेवटी एक.

सारखा वाढत असेल तर आवाज आणि चित्राची घड्याळं वेगळी चालली, त्या वेळच्या स्वस्त कॅप्चर कार्डांत आवाज साउंड कार्डातून जायचा, चित्र दुसऱ्याच कार्डातून. शॉटकट किंवा केडेनलाइव्ह या व्हिडिओ एडिटरमध्ये आवाजाची पट्टी वेगळी करून लांबी किंचित कमी करा, 'पिच कायम ठेवा' ची खूण करून. ती खूण विसरलात तर आजोबांची पट्टी बदलेल आणि ते एका क्षणात ओळखतील.

उड्या असतील तर कॅप्चर करताना चौकटी गळल्या. मग जिथे उडी आहे तिथे कापून आवाज तेवढा मागे-पुढे सरकवायचा. कंटाळवाणं आहे, पण एका पदासाठी चालेल.

लष्करचा_पेटीवाला | गुरुवार, सकाळी ८:०५

काका, पट्टीचं अगदी खरं. आमच्याकडच्या एका जुन्या ध्वनिफितीत काळी दोनची पट्टी पांढरी चार ऐकू येते. वर्षानुवर्षं शिष्य त्या पट्टीत रियाज करून राहिले.

धागापाल | गुरुवार, सकाळी ९:३०

ध्वनिफितींचा वेग आणि पट्टी हा विषय मोठा आहे, कृपया 'संगीत' विभागात नवा धागा काढावा. लिनक्स विरुद्ध विंडोज हा जुना आखाडा आहेच, तिथे जागा रिकामी आहे. इथे मिनीडीव्हीचं राहिलंय.

रामबागकर | गुरुवार, दुपारी ३:४५

हो, मिनीडीव्ही! एका दुकानात विचारलं तर म्हणाले, कॅमेऱ्याच्या पिवळ्या-लाल-पांढऱ्या वायरी जोडून रेकॉर्ड करून देऊ. द्यावं का?

बडोदेकर_काका | गुरुवार, संध्याकाळी ५:२०

देऊ नका. मिनीडीव्हीवर चित्र आधीच आकड्यांत लिहिलेलं आहे, डीव्ही कोडेकमध्ये, तासाला सुमारे १३ जीबी. त्या तीन वायरींतून काढलं की आकड्यांचं पुन्हा साधं चित्र होतं आणि मग पुन्हा आकडे. फायरवायर केबलने काढा. तिथे एन्कोडिंग काही होतच नाही, टेपवरची माहिती जशीच्या तशी फाइलीत येते. अडचण एकच, आजच्या लॅपटॉपला ते सॉकेट नसतं.

परदेशीपुरा_भिया | गुरुवार, संध्याकाळी ५:४८

ताई, माझ्याकडे आहे ना! शादी-ब्याहच्या कामाचा जुना डेस्कटॉप अजून ठेवलाय, त्यात फायरवायरचं कार्ड लागलेलं आहे, विंडोज ७, नेट नाही. चालू आहे, मागच्या महिन्यातच एकाचं काम केलं. शनिवारी संध्याकाळी परदेशीपुऱ्यात या, कॅमेरा घेऊन. केबल ४-पिन ते ६-पिनची लागेल, माझी तुटलीय. रिकामी हार्ड डिस्क आणा, एनटीएफएस करून आणा, नाहीतर ४ जीबीवर फाइल कापते. पैसे-बिसे नको, पोहे-जलेबी चालेल.

बडोदेकर_काका | गुरुवार, संध्याकाळी ६:३०

भिया, शाब्बास. दोन गोष्टी लक्षात ठेवा. केबल लावताना-काढताना कॅमेरा बंद ठेवा, चालू असताना जोडली तर ते सॉकेट जळाल्याची उदाहरणं आहेत. आणि कॅसेटवर एलपी मोड (टेप सावकाश चालवून जास्त वेळ रेकॉर्ड करायची सोय) लिहिलं असेल तर शक्यतो ज्या कॅमेऱ्याने शूटिंग केलं तोच शोधा, दुसऱ्यावर चित्रात चौकोन उठतात. मंडळात कुणाच्या तरी माळ्यावर असेल. बॅटरीवर विसंबू नका, अडॅप्टर घेऊन जा. सुरू करण्याआधी प्रत्येक कॅसेट एकदा शेवटपर्यंत नेऊन परत आणा.

रामबागकर | गुरुवार, रात्री ८:१०

कॅमेरा खजिनदारांच्या घरी निघाला, अडॅप्टरसकट. केबल उद्या जेल रोडला बघते. भिया, शनिवारी सहाला येते, जलेबी कुठली आणू ते सांगा.